पेटीला निरोप

इग्नाझ दुपार कलल्यावर गावातल्या खानावळीत गेला, बायकोचा सिनेमा बघायला. टाळकं आधीच तापलेलं. शेजारी ती, बुर्गी, बसलेली, गप. कापणी झाल्यापासनं ती अशीच गप.

कापणीच्या दिवसांत व्हिएन्नाहून सिनेमावाल्यांची एक टोळी आली होती. अंगाला रंग फासून नागडीउघडी टेबलावर लोळायची, कच्चं मांस चघळायची, एकमेकांच्या डोक्यावर वाईन ओतायची. म्हणं हा नवा सिनेमा! त्यांच्या म्होरक्याला, गेरोल्डला, शेतकऱ्याच्या घरचं खोटं मरण पायजे होतं. इग्नाझ त्याच्या अंगावरच धावला. पण बुर्गीच म्हणाली, "सारा जनम शेणात गेला माझा. एकदा पडद्यावर तरी जाऊ दे की." अन् केसात झेंडू खोवून, हसत, मढ्याच्या पेटीत जाऊन निजली.

घरचं माणूस गेलं की तिकडं मालकानं मधमाशांना सांगायचं असतं. गेरोल्डला तेपण पायजे होतं. इग्नाझनं रागारागात मधाच्या पेटीवर तीनदा टकटक केलं अन् ओरडला, "तुमची मालकीण मेली!" टोळी खिदळली. बुर्गी उठली, डुकराच्या चरबीसंगं पाव खाल्ला. माशांना मात्र खरं काय ते सांगायचं राहूनच गेलं.

तवापासनं गाय तिच्या हाताला पान्हा सोडंना. कुत्रं तिला बघून गुरगुरायचं.

खानावळीच्या खिडक्या लावून सिनेमा सुरू झाला. पडद्यावर तोच धिंगाणा, तीच पेटी. पडद्यावरच्या गेरोल्डनं उठायचा इशारा केला. सगळी उठली, निघून गेली. बुर्गी उठली नाही. कुणीतरी झाकण लावलं. लावणाऱ्याचे हात तेवढे दिसले.

इग्नाझनं मागं बसलेल्या गेरोल्डची गचांडी धरली. "कुणी लावलं रं ते?"

"आम्ही नाही…" गेरोल्ड हात सोडवायला धडपडत होता. "तिथं तर कॅमेरा बंद केलेला…"

इग्नाझ शेजारच्या बुर्गीला तिथंच सोडून घराकडं पळत सुटला. खरी बुर्गी पेटीतच राहिली; जे तोंडानं घालवलं ते तोंडानंच परत आणायचं, एवढंच डोक्यात. दिवस मावळत होता. मधाच्या पेटीला एक माशी नव्हती. आतनं शिळ्या फुलांचा वास येत होता. त्यानं तीनदा टकटक केलं.

"खोटं बोललो मी. मालकीण जिती हाय… ऐकलं का?"

त्यानं पेटीला कान लावला. मग आतनं, हळूच, तीनदा टकटक…

"बुर्गी?" त्यानं झाकणाला हात घातला.

मागनं थंड बोटं त्याच्या मनगटावर पडली. बुर्गी उभी होती. केसात झेंडू, आत्ता खुडल्यासारखा.

"हळू बोल, इग्नाझ," ती म्हणाली. "जागी होईल ती…"