डिलिसचा आवाज

"परवाच्या भागात तुम्हीच मेला होतात ना?"

चहाच्या रांगेत मागून कुणीतरी विचारलं. डिलिस प्रॉथरो वळली. गळ्यात हेडफोन अडकवलेला एक किडकिडीत तरुण, केसांतून अजून पाऊस निथळत होता.

"हो... का?"

"मेल्यावर दोनदा श्वास घेतलात. मला ऐकू आला."

"दिग्दर्शकांना सांगितलंत?"

"छे." तो ओशाळला. "मी हॉवर्ड टिंडल. माईकची काठी धरतो."

डिलिसला हसू आलं. लंडनच्या त्या टेलिव्हिजन स्टुडिओत सात वर्षं ती नर्स, मोलकरीण, नाहीतर प्रेत होत आली होती. तिचं नावसुद्धा कुणाच्या लक्षात राहत नसे. आणि हा तिचे श्वास मोजत होता!

मग गुरुवारची तालीम संपली की दोघं एकाच छत्रीतून बसथांब्यापर्यंत चालू लागली. गप्पा पुष्कळ व्हायच्या, पण मनातलं तेवढं... थांब्यापाशी बस यायची आणि राहून जायचं.

नोव्हेंबरात नव्या मालिकेच्या नायिकेसाठी तिला बोलावणं आलं. खाणीत नवरा गमावलेली बाई. एजंट मिसेस क्रॅबट्री यांनी बजावलं, "तो वेल्सचा हेल गिळून टाक, बाई. लंडनचं गुळगुळीत बोल. इथे तेच चालतं."

आठवडाभर तिने घोकलं. ऑडिशनच्या सकाळी हॉवर्डला म्हणून दाखवलं.

"कसं वाटलं?"

"छान. पण ही बाई कोण?"

"हॉवर्ड, चेष्टा नको."

"चेष्टा नाही. दिवसभर मी आवाजच ऐकतो. तू तुझ्या गावचं बोलतेस ना... तेव्हा काठी धरलेले हात दुखायचे थांबतात."

"तुझं काय जातंय? भूमिका गेली तर पुन्हा प्रेत मलाच व्हायचंय." ती तणतणत आत गेली.

पहिलं वाक्य तिने घोकल्याप्रमाणे म्हटलं. दिग्दर्शक कागदात डोकं घालून बसले होते. ती थांबली. "पुन्हा सुरुवात करू?" आणि वेल्समधल्या खाणगावात घराच्या दारात उभी राहून तिची आई जशी बोलायची, तशी ती बोलली. दिग्दर्शकांनी मान वर केली, ती शेवटपर्यंत खाली घातली नाही.

भूमिका तिला मिळाली.

चित्रीकरणाच्या पहिल्या दिवशी नियंत्रणकक्षातून सूचना आली, "मिस प्रॉथरो, आवाज तपासायचाय. काहीही बोला."

डोक्यावर माईक होता, काठीच्या टोकाला हॉवर्ड.

"सकाळी एक अंडं खाल्लं," डिलिस म्हणाली. "आणि हा काठीवाला दोन महिने माझ्याबरोबर चालतोय, पण विचारत काहीच नाही. म्हणून मीच सांगते — माझा जीव जडलाय त्याच्यावर."

माईक झपकन खाली आला.

"आवाज अगदी स्वच्छ," वरून उत्तर आलं. "टिंडल, काठी वर घ्या. आणि बाईंना उत्तर द्या."

हॉवर्डचे कान लाल झाले होते. "माझाही," तो म्हणाला, "...पहिल्या दिवसापासून."

"बरं," डिलिस पदर सावरावा तशी शाल सावरत म्हणाली, "आता मला काम करू दे."

लाल दिवा लागला. सगळा स्टुडिओ श्वास रोखून तिच्याकडे बघत होता.