कराडपर्यंतची मांजरं

समजा, तुमच्या हातात एक फोन आहे. नवा नको, जुनाच धरा... काचेला कोपऱ्यात तडा गेलेला, मागचं झाकण रबराच्या कड्यानं आवळलेलं. या फोनात काहीतरी लपलेलं आहे, एवढंच तुम्हाला माहीत आहे. कुठं, ते माहीत नाही. तुम्ही काय कराल? शोधाल ना? दिसेल त्यावर बोट दाबून बघाल, उलटसुलट कराल, जेवायला हाक आली तरी उठणार नाही.

शरयूनं मात्र शोधलं नाही. सात वर्षं तो फोन तिच्या कपाटात होता आणि तिनं तो उघडला नाही. तिची ही गोष्ट. आता तो फोन खाली ठेवा आणि माझ्याबरोबर साताऱ्याच्या स्टँडवर चला.

ऑगस्टमधला शनिवार होता. पाऊस महिनाभर मुक्कामाला आल्यासारखा, कुणी त्याच्याकडे लक्षही देत नव्हतं. शरयू चोवीस वर्षांची, साताऱ्यातल्या एका शाळेत नुकतीच लागलेली. घर सांगलीजवळ माधवनगरला. दर शनिवारी शाळा सुटली की दुपारच्या सांगली गाडीनं घरी आणि सोमवारी पहाटेच्या गाडीनं परत, असा तिचा नेम. त्या दिवशी खिडकीची काच वर सरकेना, डाव्या खांद्यावर थेंब येत होते, आणि फोनमधलं नेट संपलेलं. पडद्यावर तो काळा डायनासोर निमूट उभा. ती त्याच्याकडे नुसती बघत बसली होती.

"मॅडम, एक विचारू?" शेजारी बसलेला मुलगा म्हणाला. "त्या डायनासोरला कवाचं उभं केलंय?"

"नेट संपलंय," ती कोरडेपणानं म्हणाली.

"मग बरंच की. नेट असलं की त्यो येत न्हाई. बोट लावा त्याला."

"कुणाला?"

"डायनासोरला. चावत न्हाई त्यो."

तिनं भीत भीत बोट लावलं... आणि तो टुणकन उडाला. उडाला आणि पळायलाच लागला. समोर निवडुंग आला, त्यावर आपटला, खेळ संपला. शरयू बघतच राहिली. दोन वर्षं हा प्राणी तिच्या फोनात होता. नेट गेलं की यायचा आणि ती वैतागून फोन बंद करायची. तो पळायला तयार होऊन उभा असतो, हे तिला कधी कळलंच नव्हतं.

नागठाण्यापर्यंत ती अकरा वेळा आपटली. उंब्रजला तिनं सहाशेचा आकडा गाठला आणि आपण एका अनोळखी मुलाच्या बाहीला धरून "थांबा, थांबा, बोलू नका" म्हणतो आहोत, हे तिच्या ध्यानात आलं. तिनं हात काढला. तो खिडकीबाहेर बघत हसला.

कराडला तो उतरायला उठला. नाव जयराज, गाव विटा, साताऱ्यात मोबाईल दुरुस्तीच्या दुकानात काम, दर शनिवारी कराडला गाडी बदलून घरी जातो आणि सोमवारी पहाटे तसाच परत येतो, एवढं त्यानं न विचारताच सांगून टाकलं. सोमवारी पहाटेच्या गाडीत आपणही असतो, एवढं ती बोलली. तिचं नाव विचारलं तेव्हा म्हणाली, "मला सगळे बाई म्हणतात."

"मग बाई, हा तुमचा गृहपाठ. सोमवारी हजाराच्या वर आकडा पायजे."

सोमवारी पहाटे कराडला गाडी थांबली, तो चढला. शरयूनं फोन पुढं धरला. चौदाशे बारा. रविवारभर ती दुसरं काही करत नव्हती, हे अर्थात तिनं सांगितलं नाही.

असं ते सुरू झालं. शनिवारी सातारा ते कराड, सोमवारी कराड ते सातारा. तास-सव्वा तासाचा रस्ता. तेवढंच त्यांचं राज्य. जयराज दर वेळी एक नवा लपलेला खेळ काढायचा. कुठं बास्केटबॉलचं चिन्ह दाबलं की खरंच चेंडू उडायचा, कुठं एका गोळ्याला खांबांमधून न्यावं लागायचं. "हे बनवणाऱ्यांनी लपवून का ठेवलं असेल?" असं तिनं एकदा विचारलं. तो म्हणाला, "एखाद्याला वाटतं की शोधणारानं शोधावं. सांगून टाकलं तर मग काय राहिलं, बाई?"

सगळ्यात शेवटी त्यानं मांजरं दाखवली. ती त्याच्याच फोनात होती. सेटिंगमध्ये फोनची माहिती उघडायची, अँड्रॉइडच्या आकड्यावर भराभर बोट मारायचं, एक मोठं अक्षर येतं, ते दाबून धरायचं, की खाली इवलंसं मांजराचं तोंड दिसतं. मग वरून ओढायच्या पट्टीत एक रिकामी वाटी मिळते. वाटीत मासा ठेवायचा आणि फोन खिशात घालून विसरून जायचं. तासाने, दोन तासांनी केव्हातरी फोन थरथरतो, मांजर आलेलं असतं. त्याला नुसता नंबर असतो. नाव आपण ठेवायचं.

एकदा त्यानं एका मांजराला नंबरावरच सोडलं होतं. शरयूला ते चालेना. तिच्या वर्गात एक नियम होता, आणि तो ती साऱ्या मुलांकडून घोकून घ्यायची: कोरं सोडायचं नाही. वेळ संपली तरी एक अक्षर लिहूनच उठायचं.

"उत्तर चुकलं तर?" जयराज म्हणाला.

"चुकलेलं तपासता येतं. कोऱ्याचं मी काय तपासू?"

त्या जाड, करड्या मांजराचं नाव मग आप्पासो पडलं. आप्पासो म्हणजे तिचे साताऱ्यातले घरमालक. रात्री नऊला फाटक लावणारे.

दिवाळीनंतर एका सोमवारी जयराज आलाच नाही. निरोप नाही, फोन नाही. शनिवारी आला तेव्हा शरयू खिडकीकडे तोंड करून बसली. चुलते आले होते, घरात बोलाचाली झाली, असं तो सांगू लागला. तिनं मान वळवली नाही. नागठाणं गेलं, उंब्रज गेलं. मग त्यानं हळूच आपला फोन तिच्या मांडीवर ठेवला. एक नवं पिवळं मांजर आलेलं होतं. त्याचं नाव होतं 'चुकलं'.

तिला हसू दाबता आलं नाही. कराड यायच्या आत तिनं शेजारच्या पांढऱ्या मांजराचं नाव बदलून लिहिलं, 'बरं'.

हे तुम्ही लक्षात ठेवा. जे तोंडानं बोलता येत नाही ते मांजरावर लिहायचं, ही रीत त्या दोघांमध्ये त्या दिवशी ठरली. शरयूला ती माहीत होती. मागाहून तिला सगळ्यात जास्त टोचलं ते हेच.

चुलत्यांचं म्हणणं काय होतं, तेही सांगायला हवं. विट्याच्या घराघरातला कुणी ना कुणी दूरच्या शहरात सोनं गाळायच्या दुकानात असतो. जयराजचे चुलते कोइमतूरला होते. दोन वर्षं बोलावत होते, आता घ्यायलाच आले. जयराजच्या मनात सांगलीत स्वतःचं दुरुस्तीचं दुकान टाकायचं होतं. पण घरात त्याच्या बाजूनं बोलणारं कुणी नव्हतं. "माझ्या बाजूनं एक जरी माणूस उभं राहिलं ना..." असं तो एकदा म्हणाला. शरयूच्या अगदी ओठावर आलं होतं. पण तो विचारेल, मग आपण बोलू, असं तिला वाटलं. तो बारावी झालेला, ती शिकलेली, शहरातल्या घरची. तो कशाला धजावतो?

फेब्रुवारीतला शेवटचा शनिवार. रविवारी संध्याकाळी त्याला मिरजेहून कोइमतूरची गाडी धरायची होती. उंब्रजपर्यंत दोघं नेहमीसारखं बोलत राहिली. त्यानं तिच्या नव्या कानातल्यांना नावं ठेवली, तिनं त्याच्या केसांना. उंब्रज गेलं तशी ती वाट बघू लागली. आता विचारेल, आता विचारेल...

कराडला तो उतरला. खाली उभा राहून त्यानं खिडकीतून आपला फोन आत दिला. सिमकार्ड काढलेलं होतं. तिचा फोन सारखा अडकतो, आणि त्याला तिकडं नवा मिळणार आहे, असं म्हणाला.

"मांजरांना खायला घाला, बाई. आजच घाला. इसरू नका."

"एवढंच?" शरयूनं विचारलं.

तो तिच्याकडे बघत राहिला. मग गाडी सुरू झाली. "एवढंच," तो म्हणाला.

शरयूला राग आला. असा राग की डोळ्यांत पाणी यावं. सात महिने, आणि जाताना याला मांजरं आठवतात. घरी येऊन तिनं तो फोन बंद केला, ओढणीत गुंडाळला आणि कपाटात साड्यांच्या खाली सारला. रविवारी तिनं केस धुतले, वह्या तपासल्या, दुपारी पडून राहिली. संध्याकाळी मिरजेच्या गाडीची वेळ झाली तेव्हा तिनं घड्याळाकडे बघायचं नाही असं ठरवलं, आणि बघितलं. तो फोन करेल, असं तिला पुढं बरेच महिने वाटत होतं. त्याचा आला नाही. मग तिनं का करावा?

वर्षं गेली. शरयूची नोकरी कायम झाली. तीन वर्षांमागं कराडला कुणाकडून तरी कळलं, जयराजचं लग्न झालं, एक मुलगी आहे, कोइमतूरला त्याचं आता स्वतःचं दुकान आहे. बरं झालं, असं ती म्हणाली, आणि बरंच वाटलं तिला. जवळजवळ बरं.

यंदा दिवाळीच्या सुट्टीत तिची भाची सृष्टी माधवनगरला आली. दहा वर्षांची, हातात सतत काहीतरी लागणारी. आईनं तिच्याकडून फोन काढून घेतला होता, म्हणून ती आत्याचं कपाट उपसत बसली, आणि ओढणीतून तो फोन बाहेर आला.

"आत्या, हा कुणाचा?"

"कुणाचा नाही. चालत नाही तो."

चालत नाही, हे ऐकून थांबणारी मुलगी नव्हती ती. चार्जर शोधून तिनं फोन लावला. तासभर नुसता काळा पडदा. मग उजाडला. शरयू स्वयंपाकघरात करंज्यांच्या कडा कातत होती. बाहेरून सृष्टी एकटीच बोलत होती, फोनची माहिती, आकडा, बोट मारा... आजकाल पोरांना हे कुणी शिकवावं लागत नाही.

"आत्या, यात मांजरं आहेत. त्यांना नावं दिलीत. आप्पासो कोण?"

शरयू कातणं हातात घेऊनच बाहेर आली. हसत होती ती. "ते आमचे घरमालक."

"आणि 'चुकलं'? हे काय नाव झालं?" सृष्टीनं बोट पुढं सरकवलं. ती मांजरं आलेल्या क्रमानं उभी राहत नाहीत, रंगांप्रमाणे लागतात. म्हणून पोरगी जशी दिसतील तशी वाचत गेली. "हे निळं. 'तू आलीस तर जाणार न्हाई'. हे तपकिरी. 'रविवार साडेधा, सांगली स्टँड'. हे 'न आलीस तर कधी त्रास देणार न्हाई'. हे काळं... 'माझ्या बाजूनं हुबी राहशील?'"

शरयू खाली बसली.

चार मांजरं. एक मांजर यायला कधी तास लागतो, कधी अख्खा दिवस. म्हणजे तो आठवडाभर वाट्या भरत होता. आणि कधी नव्हे ते त्यानं तिला 'तू' म्हटलं होतं. मांजरांना आजच खायला घाला, असं तो म्हणाला होता. त्या रविवारी साडेदहाला ती गच्चीवर केस वाळवत होती. माधवनगरहून सांगली स्टँड वीस मिनिटं. गाडीची वेळ संध्याकाळची. सगळा दिवस तो तिथं बसला असेल आणि तिथूनच उत्तर घेऊन गेला असेल, तिनं न दिलेलं.

"आत्या, हे तुला विचारलंय का?"

"हो."

"मग तू गेली नाहीस?"

"मी वाचलंच नाही गं. फोन उघडलाच नाही मी."

सृष्टीनं थोडा विचार केला. "म्हणजे कोरं सोडलंस."

पोरगी रागावली नव्हती, चिडवतही नव्हती. आत्यानंच तिला पहिलीत असताना शिकवलेला नियम होता तो, आणि आत्यानं तो मोडलेला तिला कळला होता, इतकंच.

"तुझं उत्तर काय होतं?"

बाहेर कुणीतरी फटाक्यांची माळ लावली. आता ते उत्तर कुणाकडे जाणार नव्हतं. कोइमतूरला एक दुकान होतं, एक घर होतं, एक लहान मुलगी होती. ते तसंच राहायला हवं होतं.

"हो," ती म्हणाली. "माझं उत्तर हो होतं." सात वर्षांत पहिल्यांदा ते तिनं मोठ्यानं म्हटलं.

सृष्टीनं वाटीत मासा ठेवला. फोन दोघींच्या मध्ये चटईवर ठेवून दिला आणि करंज्या भरायला बसली. आत्या मधूनच डोळे पुसते आहे, हे तिनं बघितलं आणि न बघितल्यासारखं केलं. दोन घाणे तळून झाले तेव्हा फोन थरथरला. पांढऱ्या पायांचं एक राखाडी मांजर आलं होतं, नुसत्या नंबराचं.

सृष्टीनं फ्रॉकला हात पुसले. नंबर खोडला आणि त्या जागी एकच अक्षर लिहिलं, 'हो'. आत्याला दाखवलं. मग वाटी पुन्हा भरली.