डावी विंग

शनिवार, दिनांक २२ नोव्हेंबर १९९७ रोजी सायंकाळी साडेसहा वाजता, दिल्लीतील द्वारका येथे, एका नव्या सोसायटीच्या सभागृहात भालचंद्र आगाशे यांनी आपले अखेरचे नाटक उभे केले. भिंतींचा गिलावा अजून ओला होता. रंगमंचाला विंग एकच, उजवी. डावीकडे पडद्याला लागून सरळ भिंत. मधे हात शिरेल एवढीही फट नव्हती.

तीस वर्षे त्यांनी अभिजात नाटके केली आणि त्यांच्या रिकाम्या खुर्च्यांची भरपाई प्रहसनांनी केली. पत्नी अलकनंदा डाव्या विंगेत बसून प्रॉम्प्टिंग करी. त्याआधी ती याच नाटकाची नायिका होती. प्रेक्षकांना शेवटची बस गाठायची असते, या सबबीवर भालचंद्रांनी चौथ्या अंकातले तिचे निरोपाचे स्वगत कापले; ती न भांडता विंगेत जाऊन बसली आणि पुन्हा रंगमंचावर आली नाही. प्रत्येक प्रयोगानंतर ते विचारत, "कसं झालं?" ती म्हणे, "अपुरं."

चैत्रात ती गेली. स्वगत असलेली तिची एकमेव वही त्यांनी निगमबोध घाटावर चितेत ठेवली. आता ते स्वगत नाटकात परत घ्यावे म्हटले, तर त्यांना चार ओळीही आठवेनात.

तिच्या जागी त्यांनी कोणालाही नेमले नाही. नायिका प्रणिता नाट्यमंडळात अलकनंदा गेल्यावर आलेली, दिल्लीतच वाढलेली. मराठी अडखळत वाचणारी. आठवडाभर तालमी इथेच झाल्या. अडली की ती डाव्या भिंतीकडे पाही आणि वाक्य पुढे नेई. एकेकाची सवय असते, असे भालचंद्रांनी स्वतःला बजावले.

चौथ्या अंकात ती थांबली. छपरावरून विमान गेले.

मग डावीकडे मान किंचित कलती करून तिने ते स्वगत म्हटले. सबंध. अलकनंदा जिथे श्वास घेई, तिथेच श्वास घेत.



पडदा पडल्यावर भालचंद्रांनी विचारले, "हे तुला कोणी दिलं?"

"काकूंनी, सर. तालमीलाही यायच्या ना. मला वाटलं, तुम्हीच बसवलंय त्यांना."

"कुठे?"

तिने भिंतीकडे बोट केले. ओल्या गिलाव्यावर, बसलेल्या माणसाच्या पाठीएवढा भाग कोरडा पडला होता. भालचंद्रांनी तळवा टेकवला. भिंत उबदार होती.

"तुम्ही विचाराल म्हणाल्या," प्रणिता बांगड्या उतरवत म्हणाली. "विचारलं तर सांग म्हणाल्या, पूर्ण झालं."