पिंजरा रिकामा खाली गेला

विश्वास ठेवा, नाहीतर नका ठेवू. मी स्वतः प्रोजेक्टरजवळ उभी होते.

किट्वे, तांब्याच्या खाणींचं गाव. खाणकामगारांच्या वसाहतीतला क्लब. जूनमधला शनिवार, भर दुपार. खिडक्यांवर काळ्या चादरी.

जुन्या कारखान्यांच्या फिल्म कापून, ओरखडून मी छोट्या फिल्म करते. तेव्हा तांब्याच्या खाणीची एक जाहिरात हाती लागली होती. मुकी. कामगार हसत येतात, लोखंडी पिंजऱ्यात शिरतात. पिंजरा खाली जातो.

हीच माणसं पुढे खाणीत गाडली गेली. प्रेतंही कुणी वर काढली नाहीत. त्यातच माझ्या मुम्बी आत्याचे यजमान, चिपाशा आतोबा.

मी तेवढाच तुकडा घेतला. टोकाला टोक चिकटवलं. तेच दृश्य, पुन्हा पुन्हा. कंपनीचं नाव सुईनं खरवडून काढलं.

सकाळीच कंपनीचे सिमुकोंडा साहेब घरी आले होते. जुन्या जखमा उकरू नका, तो तुकडा काढा, म्हणाले. मी चहा दिला. तुकडा काढला नाही. दुपारी ते मागच्या रांगेत येऊन बसले. पुढे आत्या आणि गाडल्या गेलेल्यांच्या बायका.

खेळ सुरू झाला. माणसं आली, शिरली, पिंजरा गेला.

पुन्हा आली...

या वेळी शेवटचा माणूस दाराशी थांबला.

फिल्म अडकली असं वाटलं. पण त्याच्या मागे चिमणीचा धूर चढतच होता.

पुढच्या फेरीत तिघे थांबले. मुकादम हातवारे करत राहिला. कुणी हललं नाही.

मग... बुटांचा आवाज. जड, ओले बूट.

फिल्म मुकी होती. आवाज आमच्या मागून येत होता.

"बंद करा ते," सिमुकोंडा म्हणाले. आवाज फाटला होता.

माझा हात बटणाकडे गेला.

आत्या उठली. "हात लावू नकोस, पोरी. तेव्हा पोटासाठी उतरले. आज नाही म्हणतायत, तर म्हणू दे."

पिंजरा रिकामाच खाली गेला.

पडद्यावर सगळे आमच्याकडे तोंड करून उभे. हॉलमधल्या बायका एकेक करून उठल्या. रडलं कुणीच नाही. आपापल्या माणसाचं नाव मोठ्यानं घेत राहिल्या.

नंतर मी फिल्म उजेडात धरली. एकेक चौकट पाहिली.

सगळे आत शिरत होते. थांबलेलं कुणीच नव्हतं.

कंपनीनं रीळ मागितलं. दिलं नाही. देणारही नाही.

आता मी ती गावोगाव दाखवते. परक्या गावात ते निमूट खाली जातात. पण परवा न्डोलाला, सगळे अनोळखी असताना, एकजण थांबला... आणि माझ्या शेजारच्या रिकाम्या खुर्चीकडे बघत राहिला.

पुढच्या खेळाला शेजारची खुर्ची मी त्याच्यासाठी मोकळीच ठेवणार आहे.

खेळ मात्र होणार.