उजाड गावाची पावलं

गंगापूर रोडवरच्या एका तळघरात आम्ही अमेरिकेला पाय पुरवतो. तिकडे त्यांच्या इतिहासावर माहितीपट निघतात, जुनी फिल्म मुकी असते, आणि तिच्यातल्या माणसांची पावलं आम्ही नाशकात बसून वाजवतो. ट्रेमध्ये माती, वाळू, फळ्या. भद्रकालीच्या बाजारातून आणलेले जुने बूट. पडद्यावरचा माणूस चालला की आपण ट्रेमध्ये चालायचं. यात माझा हात धरणारं कोणी नव्हतं, संजना येईपर्यंत.

संजना घोटीची, नवीन पोरगी. धुळीच्या वादळांनी उजाडलेलं गाव सोडून निघालेल्या शेतकऱ्यांची फिल्म आली. नमुना दोघांनी करायचा, ज्याचा आवडेल त्याला पूर्ण माहितीपट. पहिल्या तुकड्यावर तिकडची दिग्दर्शिका संजनाचंच कौतुक करत राहिली. माझं नाव समाधान. घरच्यांनी ते कोणत्या आशेवर ठेवलं, देव जाणे. माझ्या पोटात दुखायला लागलं.

चूक शोधायला मी तिचं काम ऐकलं. गाडीमागे एका बाईची पावलं होती, एक पाय ओढणारी. अशी बाई फिल्ममध्ये नव्हतीच. मग गाडी वळली, आणि धुळीत तिचे ठसे दिसले.

"कसं केलंस?" मी विचारलं.

"मी काय नाय करत, दादा. अनवाणी मातीत उभी राहते, माईक चालू ठेवते. ते चालतात." तिने तळव्याची माती झटकली. "फक्त रांगेतला शेवटचा माणूस थांबला, की मी बंद करते."

"तो कुठे थांबतो?" फिल्म मला पाठ होती, तिच्यात कोणीच थांबत नव्हतं.

"थांबतो."

हातची विद्या कोण सांगतं, असं मी मनात म्हणालो.

दुपारी सगळे जेवायला वर गेले. मी दार लावलं, बूट काढले आणि मातीत उभा राहिलो. फिल्म सुरू केली. हललो नाही.

हेडफोनमध्ये पावलं वाजू लागली. बायका, पोरं, खेचरं. तळव्याखालची माती दर पावलाला दबत होती.

शेवटचा माणूस थांबला.

त्याने स्वतःच्या पायांकडे पाहिलं. मग माझ्याकडे.

बटण हाताशी होतं. पण मला तिच्यापेक्षा जास्त हवं होतं. मी चालू ठेवलं.

तो चालू लागला. डावी टाच घासत, अगदी माझ्यासारखी.

तेच मी नमुना म्हणून पाठवलं. संध्याकाळी मेल आला. काम मला मिळालं होतं. शेवटच्या माणसाची चाल काळजाला भिडते, असं दिग्दर्शिकेने लिहिलं होतं. मी ते संजनाला मुद्दाम मोठ्याने वाचून दाखवलं. ती माझ्या पायांकडे बघत राहिली.

घरी बायको, रूपाली, ओट्याशी उभी होती. वळली आणि तिच्या हातातली वाटी पडली.

"अहो, कधी आलात? पाऊलसुद्धा वाजलं नाही."

मी बुटासकट फरशीवर पाय आपटला. मग जिन्यात. मग रस्त्यावरच्या खडीवर. शेजारी झोपलेल्या कुत्र्याने कानही हलवला नाही.

सकाळी तळघरात सगळ्यांनी पेढे मागितले. मी वाटत होतो, तेवढ्यात संजना जिना उतरून आली. पायात साध्या रबरी चपला. चट चट, चट चट. मी हातात पेढा धरून ऐकत राहिलो, आणि पोटात पुन्हा दुखायला लागलं, कालच्यापेक्षा कितीतरी जास्त.