हे नव्हेत

चौऱ्याऐंशीच्या फेब्रुवारीत लिओनार्डवर आळ आला. तो मरोळच्या गावठाणातला, अंधेरीतल्या औषधांच्या कारखान्यात अकरा वर्षं स्टोअरकीपर. मंगळवारी दुपारी लाइट गेले असताना गोदामात पॅकिंग खात्यातल्या नीलावर कुणीतरी हात टाकला. गोदाम लिओनार्डच्या ताब्यातलं, म्हणून नाव त्याचंच झालं. तो त्या वेळी कुर्ल्याला माल उतरवून घेत होता. तशी सहीशिक्क्याची पावती त्यानं दिली. कुणी उलगडूनही पाहिली नाही. नीलाला तर कुणी काही विचारलंच नव्हतं.

शुक्रवारी सकाळी कॅन्टीनमध्ये चौकशी बसली. फिनेलचा वास येत होता. मॅनेजरांनी नीलाला विचारलं, "कोण होता?"

नीलानं लिओनार्डकडे नीट पाहिलं. "हे नव्हेत. तो बुटका होता. आवाजही वेगळा."

लिओनार्डचा जीव भांड्यात पडला. मॅनेजरांनी मान हलवली आणि लिहिलं : ओळख पटली.

"अहो, नाही म्हणाली ती!" लिओनार्ड उठलाच. "भीमराज, तू ऐकलंस ना?"

युनियनचा भीमराज त्याचा जुना दोस्त. त्यानं मान खाली घातली. "पोरगी तोंडावर सांगतेय रे. मी काय बोलू?"

नीला पांढरीफटक पडली. तिनं कागद ओढला, मोठ्या अक्षरांत लिहिलं : हे नव्हेत. मॅनेजरांनी तो उचलून सगळ्यांना वाचून दाखवला.

"हेच ते."

कागद लिओनार्डच्या समोरच होता. शाई ओली होती. हे नव्हेत.

दुपारी त्याला कामावरून काढलं. गेटबाहेर नीला थांबली होती. "अंकल, मी येते घरी. बाईंना मी सांगते." ती त्याच्याबरोबर चालू लागली. "तो माणूस अजून आतच आहे हो. आणि माझं कुणाला ऐकूच जात नाही."

दोघं मरोळला आली. लिओनार्डची बायको एडना ओसरीवर बोंबील निवडत बसली होती.

"बाई, तुमच्या मिस्टरांनी काही केलेलं नाही," नीला म्हणाली.

एडनाचे हात थांबले. ती उठली आणि नीलाला तिनं छातीशी धरलं. "रडू नको पोरी. कुठं कुठं हात लावला त्यानं?"

नीला किंचाळली, "नाही, नाही!" एडना तिच्या पाठीवरून हात फिरवत राहिली.

लिओनार्ड पायरीवरच गुडघ्यांवर बसला.

"एडना, देवाशपथ, मी तिला शिवलोही नाही."

एडनानं त्याच्याकडे पाहिलं. तिचे डोळे भरून आले.

"निदान कबूल तरी केलंस," ती हळूच म्हणाली.