न बोललेलं चाक

१९३१ सालच्या चैत्रात धुळ्याच्या उद्योगशाळेच्या आवारात गाडीच्या चाकांना लोखंडी धावा चढवायचं काम चाललं होतं. पांझरेच्या काठची ही शाळा. सुतारकाम, लोहारकाम आणि विणकाम असे तीन वर्ग, दोन वर्षांचा अभ्यास आणि शेवटी मुंबईहून येणाऱ्या साहेबापुढे परीक्षा. परीक्षेला आठ दिवस उरले होते.

सुतारवर्गाचे तोताराम मास्तर खिशात पितळी फूटपट्टी बाळगत. देवळात गेले तरी गाभाऱ्याच्या चौकटीचा काटकोन डोळ्यांनी तपासणारा माणूस. माणूस खोटं बोलेल, माप बोलत नाही, हे त्यांचं आवडतं वाक्य, आणि पोरं त्यांच्या पाठीमागे त्याच सुरात ते म्हणून दाखवत.

त्या दिवशी कौतिकच्या चाकाची पाळी होती. कौतिक पारोळ्याकडचा, शेतकऱ्याचा मुलगा. कुणब्याच्या पोरानं रंधा धरला म्हणून गावानं त्याला हसून घेतलं होतं. पण त्याची आई तानुबाई खमकी. बाप वारल्यावर शेत भावकीकडे वाट्यानं लावून तिनं त्याला इथं धाडलं होतं. जळगावच्या एका कापसाच्या जिनातून निरोप आला होता, प्रमाणपत्र दाखव आणि कामावर ये. दोन वर्षं कौतिक याच एका स्वप्नाबद्दल बोलत होता. आणि बोलायचाही फार. रंधा मारताना, जेवताना, झोपेतसुद्धा त्याचं तोंड चालू असे.

गोवऱ्यांच्या जाळात तापून लाल झालेली धाव चौघांनी सांडशीनं उचलून चाकावर बसवली. पोरांनी घागरी ओतल्या. वाफेचा लोट उठला. आता धाव आकसणार, लाकडाला आवळणार आणि सगळे सांधे एकदम करकरणार. खानदेशातले जुने कारागीर याला चाक बोललं असं म्हणत. चाक बोललं की गूळ वाटायचा. न बोललेलं चाक मात्र गाडीला लावायचं नाही. ज्यानं घडवलं त्यानंच ते फोडायचं, दिवस मावळायच्या आत.

वाफ विरली. धाव काळी पडली. चाक बोललं नाही.

लोहारवर्गाचे उखर्डू आबा गुडघ्यावर बसले आणि त्यांनी चाकाला कान लावला.

"मास्तर, हाई चाक फोडी टाका," ते म्हणाले. "आतेच. पोऱ्याना हातथीन."

तोताराम मास्तरांनी फूटपट्टी काढली. मधला तुंबा, बारा आरे, गोलाईचे सहा पुठ्ठे, सगळं मोजलं. सांध्यात केस जाईना. धाव नखभरही सैल नव्हती.

"आबा, यात फोडण्यासारखं काय आहे?"

"ते बोलनं नही."

"लाकूड मुरलेलं आहे, म्हणून करकरलं नाही. दुसऱ्या चाकापुरतं मुरलेलं लाकूड भांडारात नाही. आठ दिवसांत हा काय साहेबाला दाखवील, माझं तोंड?"

कौतिक कुऱ्हाड हातात धरून उभा होता. त्याचे डोळे भरून आले होते. मास्तरांनी त्याच्या हातातली कुऱ्हाड काढून घेतली. त्या पोरावर त्यांचा खरोखर जीव होता, आणि आपल्या मापावर त्याहून जास्त होता. त्यांनी तरीही गूळ वाटला; आबा तो न घेता निघून गेले. दिवस मावळला.

दुसऱ्या दिवशी ते चाक शाळेच्या गाडीला जोडून चालवून पाहिलं. धुळ्याच्या दगडी रस्त्यावर गाडी म्हणजे खडखडाट. डाव्या चाकाचा खडखडाट झालाही. उजवं चाक कौतिकचं. ते दगडांवरून जात होतं, उसळत होतं, धावेखाली खडी फुटत होती, आणि त्या बाजूनं काही म्हणजे काही ऐकू येत नव्हतं. पोरं हसली. एक म्हणाला, "मास्तर, कौतिकनं चाकाला लोणी लावलं."

वळणावर एक कुत्रं सावलीला पडलं होतं. गाडीचं उजवं चाक त्याच्या अंगावर आलं तरी त्यानं मान उचलली नाही. चाक वरून गेलं. ते केकाटलं असणार, त्याचा जबडा उघडलेला सगळ्यांनी पाहिला.

त्यानंतर कुणी हसलं नाही.

मास्तरांनी चाक उतरवून वर्गाच्या भिंतीला खुंट्यांवर टांगलं. परीक्षेपुरतं राहू दे, असं ते स्वतःलाच मोठ्यानं म्हणाले. दोन दिवसांनी हजेरी घेताना त्यांचं लक्ष गेलं. वीस पोरं रंधा मारत होती आणि आवाज एकोणीस रंध्यांचा होता. ते कौतिकच्या बाकापाशी गेले. त्याचा रंधा चालत होता, पातळ सालं गुंडाळत खाली पडत होती. मास्तरांनी वाकून कान लावला. त्यांना स्वतःचा श्वास तेवढा ऐकू आला.

पुढे त्याच्या हातोडीचा आवाज गेला. मग पावलांचा. विहिरीवर त्यानं सोडलेली बादली पाण्यावर आपटली तीही मुक्यानं. कौतिक आता फारसा बोलत नव्हता. परीक्षेच्या आदल्या सकाळी तो मास्तरांसमोर येऊन उभा राहिला आणि त्याचे ओठ हलले. अगदी लांबून, नदीपलीकडून यावा तसा आवाज आला.

"मास्तर, माले मनाच आवाज ऐकू येस नही."

स्वतःचाच आवाज हरवलेल्या त्या पोराला तिथंच सोडून मास्तर तडक आबांकडे गेले. आबा भाता ओढत होते.

"आते फोडीसन काय व्हई? दिवस तं तव्हयच मावळना," आबा म्हणाले आणि भाता ओढत राहिले.

फोडायची वेळ टळून गेली होती, तरी फोडायला हवं होतं. पण उद्या साहेब येणार, चाक नसलं तर प्रमाणपत्र नाही, आणि प्रमाणपत्र नाही तर जळगाव नाही. परीक्षा होऊ दे, मग पहिलं काम तेच, असं मास्तरांनी ठरवलं.

साहेबानं चाक पाहिलं. खिशातून स्वतःची पट्टी काढून मोजलं आणि मान डोलावली. मग मोडक्यातोडक्या मराठीत कौतिकला विचारलं, "भागांची नावं सांग."

कौतिकनं एकेका भागावर बोट ठेवलं. त्याचे ओठ हलत होते. शब्द एकही बाहेर आला नाही.

"घसा बसलाय त्याचा," तोताराम मास्तर म्हणाले. आयुष्यात पहिल्यांदा ते खोटं बोलले होते. साहेबानं उत्तीर्ण लिहिलं आणि तो पुढच्या मुलाकडे वळला.

साहेबाचा टांगा फाटकाबाहेर पडताच मास्तरांनी चाक आवारात आणलं आणि कुऱ्हाड घेतली. ऊन डोक्यावर होतं. त्यांनी सगळी ताकद लावून तुंब्यावर घाव घातला.

"माय वं!"

आवाज लाकडातून आला होता.

मास्तरांनी वळून पाहिलं. वर्गाच्या दारात कौतिक छाती धरून खाली बसला होता. त्याचे ओठ मिटलेले होते.

कुऱ्हाड मास्तरांनी विहिरीत टाकली.

कौतिक जळगावला गेला. यंत्रांच्या गोंगाटात मुका माणूस कुणाला खटकत नाही. चाक पुन्हा भिंतीवर गेलं. तुंब्यावरची खाच मास्तर कधी उघडी ठेवत नसत, तिच्यावर फडकं बांधलेलं असे. दुपारी पोरं जेवायला गेली की ते एकटे बसून राहत. मग भिंतीवरून हळू आवाज येई. तुंबा. आरे. पुठ्ठे. धाव. पुन्हा तुंबा. साहेबाच्या प्रश्नाचं उत्तर चालू असे.

आषाढात तानुबाई आली. डोक्यावर गाठोडं, पाय धुळीनं माखलेले. पोराला चिठ्ठी लिहायची सवय नव्हती, म्हणून खबर नाही, एवढंच तिला वाटत होतं.

"मास्तर, मना कौतिक बरा शे ना? जळगावना पत्ता ईचाराले उनू," ती म्हणाली.

मास्तरांनी तोंड उघडलं. तेवढ्यात भिंतीवरून आवाज आला.

"माय."

मास्तर खाली बसले. तानुबाई किंचाळली नाही. दचकलीसुद्धा नाही. ती वर पाहत चाकापाशी गेली, तिनं खाचेवरचं फडकं सोडलं आणि त्या खाचेवरून हात फिरवला.

मग तिनं गाठोडं उघडलं, भाकरीचा तुकडा मोडला आणि खाचेपाशी धरला.

"भूक लागनी व्हई ना रे मना पोऱ्या," ती म्हणाली. "खाई ले."